कराचीचा नंबर

आमच्या गावचं वाचनालय मी बरीच वर्षं सांभाळते. मालवणहून रिक्षाने वीस मिनिटांवर, खाडीच्या काठी आमचं गाव आहे. दुपारी चारला दार उघडायचं, वर्तमानपत्रं टेबलावर मांडायची आणि सातला कुलूप लावायचं. पुस्तकं बदलायला बायका अधूनमधून येतात, पण रोज न चुकता येतात ते पाच-सहा निवृत्त पुरुष. कुणी मुंबईची नोकरी संपवून परत आलेले, कुणी इथेच राहिलेले. ते जगाचं राजकारण बोलतात. त्यांचे पुढारी म्हणजे ज्यांनी मला शाळेत भूगोल शिकवला ते मास्तर. अमेरिका काय करणार, चीन कुणाला दाबणार, रशिया कुठे थांबणार, याबद्दल त्यांच्या मनात शंका अशी कधी नसते. मी नोंदवहीत पुस्तकांची नावं लिहीत ऐकायची. या बोलण्याशी आपला काही संबंध नाही असंच मला वाटायचं.

माझा नवरा सारंग आहे, म्हणजे जहाजाच्या डेकवर काम करणाऱ्या खलाशांचा मुकादम. लग्नानंतरचं निम्मं आयुष्य तो पाण्यावर आणि मी घरात. मुलगी पुण्यात नोकरीला लागली तेव्हापासून घरात मी एकटीच. त्याची सवय होते म्हणतात. मला झाली होती.

तो त्या वेळी एका लहान तेलवाहू जहाजावर होता. झेंडा एका देशाचा, मालक दुसऱ्या देशाचा, तेल तिसऱ्या, एका मोठ्या देशाचं. वर माणसं वीस: अकरा आपली, चार पाकिस्तानी, चार बांगलादेशी आणि श्रीलंकेचा एक चीफ इंजिनियर. आखातातल्या एका देशाचं जहाज त्याच मोठ्या देशाने कुठल्याशा बंदरात अडकवून ठेवलेलं होतं. त्याचा बदला म्हणून त्या आखाती देशाने हे जहाज धरलं. त्या देशाचं नाव मी लिहीत नाही, कारण माझा नवरा अजून त्याच पाण्यातून जातो.

एका सकाळी त्याचा मेसेज आला. "आमका थांबवल्यानी. आमी बरे आसंव. काळजी करू नको." त्यानंतर फोन बंद. दुपारी टीव्हीवर वरून काढलेलं एक चित्र दाखवत होते, निळ्या पाण्यात तांबड्या डेकचं जहाज. त्या डेकवर मुंगीएवढी माणसं दिसत होती. मी टीव्हीच्या अगदी जवळ जाऊन बघितलं, पण मुंगीएवढ्या माणसात नवरा ओळखता येत नाही.

चार वाजता मी वाचनालय उघडलं. घरी बसून काय करणार होते? मंडळी आली आणि तोच विषय निघाला. मास्तर म्हणाले की त्या देशाने केलं ते बरोबरच, असं केल्याशिवाय मोठे देश ऐकत नाहीत. मुंबईहून आलेले एक गृहस्थ म्हणाले, छे, आता बघा त्यांच्यावर कसे निर्बंध येतात ते. दोघांची चांगली जुंपली. थोड्या वेळाने मास्तरांनी चष्मा लावून बातमी मोठ्याने वाचायला घेतली. जहाजाचं नाव आलं तेव्हा मी म्हटलं, "मास्तर, त्या जहाजार आमचे हे आसत."

मास्तरांनी पेपर घडी करून ठेवला. मग एकेक जण उठून गेला. जाताना प्रत्येक जण मला काहीतरी धीराचं बोलला, पण त्या दिवशी त्यांनी तसंच भांडत बसावं असं मला वाटत होतं.

पुढचे सहा आठवडे काहीच कळलं नाही. जहाजावर माणसं पाठवणाऱ्या मुंबईच्या एजंटकडे फोन केला की एक मुलगी गोड आवाजात सांगायची, बोलणी चालू आहेत. दिल्लीच्या ऑफिसातूनही तेच. मुलगी पुण्याहून येऊन आठ दिवस राहिली. ती रोज मला जेवायला बसवायची आणि समोर बसून मी किती जेवते ते बघायची. ती गेल्यावर मी चुलीपाशी उभ्यानेच काहीतरी खाऊन घेऊ लागले.

मग एका शुक्रवारी संध्याकाळी अनोळखी नंबर आला. आकड्याची सुरुवात बघून मी दचकले. पाकिस्तानच्या नंबरवरून फोन येतात आणि लोकांना फसवतात, उचलू नका, असे मेसेज तेव्हा सगळीकडे फिरत होते. मी कापला. पुन्हा आला, पुन्हा कापला. तिसऱ्यांदा कापल्यावर आवाजाचा मेसेज आला. एक बाई हिंदीत बोलत होती. तिने आधी माझ्या नवऱ्याचं नाव घेतलं, मग स्वतःच्या. तिचा नवरा त्याच जहाजावर इंजिनात तेल-पाण्याचं काम करणारा, ऑइलर. ते कराचीत राहतात. मग ती अडखळत म्हणाली की तुमच्या साहेबांनी एक निरोप दिलाय, मला समजला नाही, पण जसाच्या तसा सांगायला सांगितलाय: पावसाच्या आधी विहिरीतला फुटवॉल काढून ठेव, नाहीतर गाळ बसेल.

फुटवॉल म्हणजे आमच्या पंपाच्या पाइपाला विहिरीच्या तळाशी असते ती झडप. दरवर्षी मे महिन्यात तो जगात असेल तिथून मला हेच सांगतो.

मी फोन लावला. तिने सगळं सांगितलं. तिच्या नवऱ्याने पूर्वी त्या देशाच्या बंदरात काम केलं होतं, त्यामुळे त्याला पहारेकऱ्यांची भाषा येत होती. पहारेकरी काय सांगतात ते तो बाकीच्यांना समजावायचा आणि त्याबद्दल त्याला दर शुक्रवारी नमाजानंतर पाच मिनिटं फोन मिळायचा. त्या पाच मिनिटांत तो आधी बाकी एकोणीस जणांचे निरोप सांगायचा आणि उरलं तर बायकोशी बोलायचा. बऱ्याच वेळा काही उरायचं नाही. बांगलादेशी चौघांच्या घरी तीच कळवायची आणि चीफ इंजिनियरच्या घरीही. भारतात मात्र कुणी तिचा फोन उचलत नव्हतं. तिने अकराही घरांना लावून बघितला होता. "तुम्हीच पहिल्या उचललात," ती म्हणाली. खरं तर मीही उचलला नव्हता.

तेव्हापासून आमच्या कामाची वाटणी झाली. शुक्रवारी ती मला अकरा निरोप सांगायची. मी ते वहीत लिहून घ्यायची आणि बाकीच्या दहा घरांना फोन करायची. बिहारमध्ये एक, उत्तर प्रदेशात दोन, तामिळनाडूत तीन, रत्नागिरीकडे तीन, आणि केरळात एक म्हातारी आई, जिला हिंदी येत नव्हतं. तिला मी फक्त मुलाचं नाव आणि "ओके, ओके" म्हणायची. ती पलीकडून एवढं काही बोलायची की मला त्यातलं अक्षर कळायचं नाही, पण मी फोन ठेवायची नाही. त्या दिवसांत मी शुक्रवारपुरती जगत होते असं म्हटलं तरी चालेल. बाकीचे सहा दिवस कसे जायचे ते आठवत नाही.

कराचीच्या त्या बाईला सासू होती. तिचं माहेरचं घराणं मूळचं रत्नागिरीकडचं, कोकणी मुसलमान. ती स्वतः जन्मली कराचीत, पण तिची आई घरात कोकणीच बोलायची. मी कोकणातली आहे हे कळल्यावर तिने सुनेच्या हातातून फोन घेतला. उर्दूत काहीतरी सुरुवात केली, मग थांबली आणि हळूच विचारलं, "जेवलीस काय गो?"

आमच्या वाडीतली कुठलीही म्हातारी असंच विचारते. मी म्हटलं, जेवलंय. ती हसली आणि मग तिच्याकडचे शब्द संपले. चार-पाच शब्द उरले होते तिच्याकडे, तांदूळ, भाकरी, म्हावरं असे. ते तिने एकामागून एक मला ऐकवले. त्या दिवशी वाचनालयातल्या ॲटलासमध्ये मी दोरा लावून बघितलं. मालवणहून दिल्लीपेक्षा कराची जवळ आहे.

ही गोष्ट लपून राहणारी नव्हती. मी लपवलीही नाही. पण धाकटे दीर घरी येऊन रागावून गेले. "वयनी, तुमका काय कळता की नाय? उद्या पोलीस घरात इले म्हणजे?" त्यांचं चुकत नव्हतं. दुसऱ्या दिवशी मी वही आणि फोन घेऊन एस.टी.ने मालवणला गेले आणि आपणहून पोलीस ठाण्यात सगळं सांगितलं. तिथल्या साहेबांनी शांतपणे ऐकून घेतलं, नंबर उतरवला, वहीची पानं चाळली. म्हणाले, तुम्ही काही गुन्हा केलेला नाही, पण जहाजाच्या माणसांपलीकडे काही बोलू नका आणि आपले फोटो वगैरे पाठवू नका. मी मान डोलावली. त्यांनी मला चहा दिला. पण मला ठाण्यातून बाहेर पडताना गावातल्या दोघांनी पाहिलं, आणि मी काय सांगायला गेले होते त्यापेक्षा मी तिथे गेले होते हेच गावभर झालं.

वाचनालयात कुणी काही म्हटलं नाही. फक्त मी टेबलाजवळ गेले की बोलणं थांबायचं. पुस्तकं बदलायला येणाऱ्या बायका उभ्या उभ्या बदलून जायच्या. मास्तर यायचे, पेपर वाचायचे आणि माझ्याकडे न बघता जायचे. मला भूगोल शिकवणारा माणूस. वाचनालय सोडून द्यावंसं वाटतं, असा उलट निरोप मी एका शुक्रवारी कराचीमार्फत नवऱ्याला पाठवला. पुढच्या शुक्रवारी त्याचं उत्तर आलं: सोडू नको, लोक आधी बोलतात, मग गप्प होतात, मग परत बोलतात.

त्यानंतर आपल्या सरहद्दीवर ठिणगी पडली. आधी हल्ला झाला, माणसं मेली, मग दोन्ही बाजूंनी तोफा आणि विमानं. टीव्ही दिवसभर चालू. मच्छीमारांना खोल पाण्यात जाऊ नका म्हणून सांगण्यात आलं. किनाऱ्यावर भोंगे वाजवून सराव झाला, लोकांनी काय करायचं ते शिकवलं. मेलेल्या माणसांचे फोटो बघून मलाही राग आला होता. मी इथलीच आहे, मला वेगळं काय वाटणार? आणि तरी शुक्रवारी दुपारी फोन हातात घेऊन बसले होते.

तिचा मेसेज आला. तिचे दीरही रागावले होते. यापुढे फोन करता येणार नाही, निरोपही नाही. जहाजावर सगळे बरे असतील तर ती शुक्रवारी नुसतं एक टिंब पाठवेल.

पाच शुक्रवार एकेक टिंब आलं. मी दहा घरांना फोन करून सांगितलं की सगळे बरे आहेत. बिहारच्या बाईने विचारलं, आणखी काही म्हणाले का? मी नाही म्हटलं. नवऱ्याची बातमी म्हणून स्क्रीनवरचं एक टिंब किती वेळ बघता येतं ते मला तेव्हा समजलं.

सहाव्या शुक्रवारी टिंब आलं नाही. दोन दिवसांनी पेपरात बातमी आली: जहाजावरच्या चार पाकिस्तान्यांना सोडलं. पाकिस्तानचं आणि त्या आखाती देशाचं आपसात काहीतरी जमलं होतं. आपली माणसं तिथेच. मुंबईहून आलेले गृहस्थ मोठ्याने म्हणाले, "बघा, तेंनी आपले सोडवन नेल्यानी." ते मला ऐकवण्यासाठीच होतं की नाही, देव जाणे.

त्याच संध्याकाळी कराचीच्या नंबरवरून मेसेज येऊ लागले. एकामागून एक, बरेच. मी उघडले नाहीत. तिचा नवरा तिच्या दारात उभा असणार, म्हातारी त्याला जेवायला वाढत असणार, त्याचेच फोटो असतील असं मला वाटलं. मला ते बघायचं नव्हतं. इतके महिने आम्ही दोघी एकाच दोरीला धरून होतो, आणि तिच्या बाजूने दोरी सुटली. तिचा काही दोष नव्हता हे मला कळत होतं. कळून उपयोग झाला नाही. मी फोन उलटा ठेवला.

अकरा दिवस मी ते मेसेज उघडले नाहीत. स्वयंपाक केला, विहिरीवर गेले, वाचनालय उघडलं आणि बंद केलं. कुणाशी बोलायचंच नव्हतं. त्या अकरा दिवसांत मी जितकी एकटी होते तितकी आधीही नव्हते आणि नंतरही झाले नाही, आणि ते एकटेपण माझं मीच ओढवून घेतलं होतं.

बाराव्या दिवशी केरळच्या म्हातारीचा फोन आला. या वेळी शेजारची शाळकरी मुलगी तिच्याजवळ बसून हिंदीत सांगत होती. आजी विचारतात, पाच आठवडे नुसतं बरे आहेत, आता तेही नाही. तुम्ही रागावलात का? मी म्हटलं, नाही, बघते आणि सांगते.

मी वाचनालयातच होते. मेसेज उघडले. तिच्या नवऱ्याचा एकही फोटो नव्हता. कागदांचे फोटो होते, सोळा. जहाजाच्या वहीची पानं फाडून मागे राहिलेल्या प्रत्येकाने चार-चार ओळी लिहिल्या होत्या, तमिळ, मल्याळी, बंगाली, हिंदी, सिंहली, मराठी. तिच्या नवऱ्याने ते कागद बुटाच्या आत घालून बाहेर आणले होते आणि घरी पोचल्याच्या दिवशी तिने ते एकेक करून मला पाठवले होते. कुठला कागद कुणाचा ते तिला वाचता येणं शक्य नव्हतं, म्हणून बांगलादेशी घरांना आणि चीफ इंजिनियरच्या घरीही तिने सगळेच पाठवले होते. शेवटी एकच ओळ: लवकर पाठवा, घरचे वाट बघत असतील.

माझ्या नवऱ्याचं अक्षर मी आधी वाचलं नाही. आधी केरळचा कागद पाठवला, मग बिहारचा, मग आपल्या बाकीच्या घरांचे. तमिळ मला वाचता येत नाही. एकाच्या घरी दुसऱ्याचा कागद गेला, तो परत पाठवावा लागला. सगळ्यांना मी हेच सांगितलं की आजच आले. मग आमचा कागद उघडला. त्यात होतं: "माका बरा आसा. गळान मासे धरतंव. रात्री चांदण्या खूप दिसतत. तू जेवतंस मा?"

पलीकडच्या खुर्चीत मास्तर होते. मला रडताना त्यांनी पाहिलं. ते उठून आले, समोरचं दार अर्धं लोटून घेतलं, म्हणजे बाहेरून कुणाला दिसू नये, आणि परत जाऊन पेपर वाचत बसले. सात वाजेपर्यंत ते हलले नाहीत.

मी कराचीला लिहिलं की माफ करा, उशीर झाला. तिने लगेच उत्तर दिलं: तुमचा फोन बिघडला असेल असं मला वाटलं. त्यापुढे मी काही खुलासा केला नाही. तो करायला हवा होता. तिचे आणखी दोन-तीन मेसेज आले, मग बंद झाले.

दोन महिन्यांनी तो मोठा देश आणि आखातातला देश यांचं जमलं. आखातातल्या देशाने आमचं जहाज सोडलं, मोठ्या देशाने त्यांचं. पेपरात हात मिळवणाऱ्या दोन माणसांचा फोटो होता आणि मास्तरांनी तो अगदी बारकाईने बघितला, पण मत काही दिलं नाही. नवरा गोव्याच्या विमानतळावर उतरला. ओळखू येत होता, फक्त कपडे दुसऱ्याचे घातल्यासारखे सैल झाले होते. घरी आल्यावर तो पहिले काही दिवस मागच्या पायरीवर बसून असायचा. मी बाजूला जाऊन बसले तरी त्याला लगेच कळायचं नाही. इतके महिने ज्याची वाट बघितली तो हाताच्या अंतरावर होता आणि मला त्याच्याशी काय बोलावं ते सुचत नव्हतं.

एका सकाळी त्यानेच विचारलं, ऑइलरच्या घरचा नंबर आहे का तुझ्याकडे? दोघे एकाच खोलीत झोपायचे. त्याच्याशी बोलायचं होतं. तेव्हा मी त्याला अकरा दिवसांचं सांगितलं. आजवर कुणाला सांगितलं नव्हतं.

 तो म्हणाला, "ते चौघे जावक निघाले तेवा मी वर गेलंय नाय. आमच्यातलो कोणच गेलो नाय. मी खोलयेत भिंतीकडे तोंड करून पडलेलंय. तो खाली इलो, माका म्हणालो, काय लिवचा आसात तर लिव, मी नेतंय. मी तेच्याकडे बघलंय पण नाय. पडल्यापडल्याच लिवलंय आणि कागद तसोच पाठी धरलंय."

आम्ही दोघांनी मिळून फोन लावला. हा नंबर सेवेत नाही असं एका बाईने इंग्रजीत सांगितलं. दुसऱ्या दिवशीही तेच.

नवऱ्याच्या डायरीत ऑइलरच्या घराचा पत्ता होता. मी पत्र लिहिलं. मुलीने फोनवरून सांगितलं तसं हिंदीच, पण इंग्रजी अक्षरांत, म्हणजे त्यांना वाचता येईल. त्यात मी अकरा दिवस लिहिले. त्याने खोलीतलं लिहायला सांगितलं, तेही लिहिलं. म्हातारीसाठी खाली दोन ओळी आमच्या भाषेत. मालवणच्या पोस्टात गेले तर खिडकीतल्या बाईने पत्ता बघून पाकीट परत दिलं. त्या देशाचं टपाल सध्या बंद आहे. कधी सुरू होईल विचारलं, तर तिने पुढच्या माणसाला बोलावलं.

पाच महिने घरी राहून नवरा पुन्हा जहाजावर गेला. दुसरं काही काम त्याला येत नाही आणि खरं तर नकोही आहे. मी चारला वाचनालय उघडते. मंडळी परत बोलतात, परत भांडतात, जगात भांडायला काही कमी नाही. मास्तरांनी एक मात्र केलं आहे. कुठल्याही जहाजाची बातमी असली की ते ती आधी मनातल्या मनात वाचतात, मग माझ्याकडे बघून विचारतात, "गो, घोव तुझो आता खंय पोचलो?" मी सांगते. मग ते पेपर उघडतात आणि वादाला सुरुवात करतात.